गूळ-डाळीचा डबा



बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. चातुर्मासात पाहुणे, दशलक्षण, पारणी यांत दिवस कसे जातात ते तुम्हाला सांगायला नको. पण यंदा, म्हणजे 2025 च्या भाद्रपदात, आमच्या घरात एक गोष्ट घडली. ती लिहून ठेवावी असं वाटलं.

सुरुवात झाली एका व्हिडिओपासून. आमच्या मंडळातली एक मैत्रीण उन्हाळ्याच्या सुट्टीत सहकुटुंब थायलंडला जाऊन आली होती. दशलक्षणाच्या आधी ती आमच्याकडे सुप्याला आली आणि मोबाइलवर फोटो दाखवू लागली. चियांग माई शहरातून एका दिवसाची सहल निघते. सकाळी हत्तींचं अभयारण्य, दुपारी धबधबा, संध्याकाळी परत हॉटेलवर. व्हिडिओत तिची मुलं गुडघाभर पाण्यात उभी राहून हत्तीच्या पाठीवर बादलीने पाणी ओतत होती.

"बघ, साखळी नाही, पाठीवर बसवणं नाही. अगदी मायेने सांभाळतात," ती म्हणाली.

माझी आई शेजारी मूगडाळ निवडत बसली होती. तिने मान वर करून हत्ती बघितला, ताट खाली ठेवलं आणि काही न बोलता आत निघून गेली. मैत्रिणीला वाटलं, आपलं काही चुकलं. तिचं काहीच चुकलं नव्हतं. आईला महादेवी आठवली होती.

माझं माहेर शिरोळ तालुक्यातलं. नांदणी तिथून जवळ. नांदणीच्या जिनसेन मठातली हत्तीण महादेवी तुम्हा सगळ्यांना आता ठाऊक आहे. आम्ही तिला माधुरीच म्हणायचो. 1992 पासून ती मठात होती. मठात हत्ती ठेवण्याची परंपरा त्याहून कितीतरी जुनी. आमच्याकडे कुठेही पंचकल्याणक असलं, की आई आधी विचारायची, "माधुरी येणार आहे का?" गावात लग्न होऊन आलेल्या सुनेला जसं घराघरातून ओळखतात तसं तिला ओळखायचे.

यंदाच्या जुलैमध्ये ती गेली. हत्तींच्या प्रकरणांसाठी नेमलेल्या उच्चाधिकार समितीने तिला गुजरातमध्ये जामनगरच्या केंद्रात हलवायला सांगितलं होतं. 16 जुलैला मुंबई उच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. धार्मिक कामासाठी हत्ती वापरण्याच्या हक्कापेक्षा हत्तीच्या चांगल्या जगण्याचा हक्क मोठा, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. 28 जुलैला सर्वोच्च न्यायालयाने मठाची याचिका फेटाळली आणि ती वनताराकडे रवाना झाली. निरोपाला सगळी नांदणी रस्त्यावर होती. बायका पदराने डोळे पुसत होत्या. 3 ऑगस्टला नांदणीपासून कोल्हापूरपर्यंत हजारो माणसं पायी चालत गेली. सुमारे 45 किलोमीटर, मूक. माझा धाकटा भाऊ त्यात होता. त्याच्या पायाला आलेले फोड आईने मला व्हिडिओ कॉलवर दाखवले.

पुढे ऑगस्टमध्येच वनताराने नांदणीच्या परिसरातच हत्तींसाठी केंद्र उभारायची तयारी दाखवली. पण आज मी न्यायालयाचं काय बरोबर, मठाचं काय बरोबर, यावर लिहिणार नाही. आमच्या घरात काय झालं तेवढंच लिहिते.

माझी थोरली बारामतीला कृषीचं शिकते. जुलैच्या शेवटी आज्जीशी फोनवर बोलताना ती पटकन बोलून गेली, "आज्जी, रडू नकोस. तिला तिथं बरंच आहे. इथं तिला सोबतीला एक तरी हत्ती होता का?"

आई म्हणाली, "म्हणजे आम्ही काय तिचा छळ केला व्हय?" आणि फोन ठेवला.

त्यानंतर महिनाभर दोघी एकमेकींशी बोलल्या नाहीत. ऑगस्टच्या शेवटी आई दशलक्षणासाठी माझ्याकडे आली, तरी एका घरात राहून "जेवलीस का" आणि "पाणी गाळलं का" यापलीकडे शब्द नाही. दोघीही सकाळी अभिषेकाला शेजारी उभ्या राहायच्या. उत्तम क्षमा, उत्तम मार्दव म्हणताना माझं लक्ष त्या दोघींकडेच असायचं.

क्षमावणीच्या दिवशी सगळ्यांनी सगळ्यांची क्षमा मागितली. लेक आज्जीच्या पाया पडली. आईने डोक्यावर हात ठेवला. पण मैत्रिणींनो, तोंडाने क्षमा मागितली आणि मनातली गाठ तशीच राहिली, असं आपल्याकडेही होतंच ना? गाठ होती तिथेच होती.

चार दिवसांनी लेकच म्हणाली, "आज्जीला आपलं अभयारण्य दाखवू या का? इतक्यांदा सुप्याला आली, पण कधी गेली नाही."

खरं सांगायचं तर मीही लग्नानंतर इतक्या वर्षांत दोनदाच गेले असेन. सुपे म्हटलं की लोकांना शहाजीराजांची पुणे-सुपे जहागीर आठवते, नाहीतर वाटेवरचं मोरगाव. आमच्या गावाला लागून मयूरेश्वर अभयारण्य आहे, हे पुण्याच्या पक्षी बघणाऱ्या लोकांना जास्त माहीत. 1997 साली ते जाहीर झालं. सुमारे पाच चौरस किलोमीटर, चिंकारा हरणांसाठी राखलेलं माळरान. इथे धबधबा नाही आणि हत्तीही नाही. आमचा भाग पर्जन्यछायेतला. पाणी म्हणजे उन्हाळ्यात वनखात्याने भरलेले पाणवठे.

आई तयार झाली, याचंच मला आश्चर्य वाटलं. आदल्या रात्री तिने ज्वारीच्या दशम्यांसाठी दूध काढून ठेवलं. सकाळी शेंगदाण्याची चटणी, दशम्या, मूगडाळीची कोरडी भाजी झाली. गाळलेल्या पाण्याची कळशी भरली. चातुर्मास म्हणून पालेभाजी नाहीच. मग मला दिसलं, की तिने आणखी एक स्टीलचा डबा भरला होता. भिजवलेली हरभऱ्याची डाळ आणि वरून गुळाचे खडे.

"हे कुणाला?"

"हरणांना. रिकाम्या हाताने मुक्या जिवाकडं जायचं नसतं."

लेकीने माझ्याकडे बघितलं. मी डोळ्यांनीच तिला गप्प बसवलं.

सूर्य वर आल्यावर निघालो, म्हणजे वाटेतले किडे-मुंग्या दिसतील. फाटकाशी वनखात्याचा माणूस होता. त्याने नोंद केली आणि सांगितलं, "गाडी वाटेवरच ठेवा. हॉर्न नको. आणि काही खायला टाकू नका, काकू."

आईने डबा दाखवला. "चांगला घरचा आहे हो. शिळा नाही."

"घरचा असला तरी नको. माणसाच्या हातचं खायची सवय लागली की ती रस्त्यावर येतात. मग कुत्री आहेत, गाड्या आहेत. भूक लागली तर इथं गवत आहे, पाला आहे, बोरं आहेत."

आईने डब्याचं झाकण लावलं आणि तो मांडीवर घेऊन बसली. चेहरा उतरला. दान नाकारलं गेलं की आपल्या पिढ्यांना जे वाटतं, ते तिच्या चेहऱ्यावर मला स्वच्छ दिसलं.

पाऊस होऊन गेला होता. एरवी पिवळं पडणारं माळरान हिरवं होतं. हिवर, बोर, खैर, बाभूळ, मध्ये मोकळं गवत. एका जागी गाडी थांबवली. लेक उतरून गवतात पाऊल टाकणार, तेवढ्यात आई म्हणाली, "हिरवळीवरून नको. वाटेवर उभी राहा. खाली किती जीव असतील." लेक निमूट वाटेवर आली. टिटवी ओरडत होती. बाकी शांतता.

अर्ध्या तासाने चिंकारा दिसले. तीन. पहिल्यांदा मला फक्त एक काळी शेपटी हलताना दिसली. मग हळूहळू पाय, मान, वळ्या असलेली शिंगं. चिंकारा अगदी लहान असतो, खांद्यापाशी जेमतेम दोन-सव्वादोन फूट, वजन वीसेक किलो. आपल्या सहावीतल्या मुलापेक्षाही हलका. मादीलाही बारीक शिंगं असतात. लेक हळू आवाजात सांगत होती, की पाल्यातूनच त्यांना बरंचसं पाणी मिळतं, म्हणून पाणी न पिता ती बराच काळ राहू शकतात.

त्यांतल्या एकाने मान वर करून आमच्याकडे पाहिलं. पुढचा पाय जमिनीवर आपटला, शिंकल्यासारखा आवाज केला. आणि तिघंही उड्या मारत दिसेनाशी झाली.

"घाबरली," आई म्हणाली.

"हो. घाबरली म्हणूनच जिवंत आहेत, आज्जी." महिन्याभरात लेक तिच्याशी पहिल्यांदाच एवढं बोलली असेल.

आई बराच वेळ त्या जागेकडे बघत होती. मग तिने आपण होऊन वज्रघोषाची गोष्ट काढली. पार्श्वनाथ भगवंतांचा पूर्वभव. तुम्हालाही पाठशाळेत सांगितली असेल. मरुभूती मरून रानात हत्ती झाला, वज्रघोष. मस्तवाल होऊन यात्रेकरूंच्या तळावर धावून गेला, पण अरविंद मुनींसमोर येताच थबकला. मागच्या जन्माची आठवण झाली. मुनींकडून त्याने व्रतं घेतली. मग तो वाळलेला पाला खायचा, इतरांच्या पायांनी ढवळलेलं पाणी प्यायचा, पाण्यातल्या जिवाला आपल्यामुळे त्रास नको म्हणून. उपासांनी इतका थकला की एकदा नदीवर पाणी प्यायला गेला आणि चिखलात रुतला. तिथेच कमठाचा जीव साप होऊन त्याला डसला. त्याने राग धरला नाही.

गोष्ट सांगता सांगता आई मध्येच थांबली.

"काय गं?" मी विचारलं.

"नाही, आत्ता मनात आलं. मुनींनी त्याला व्रतं दिली. पण बरोबर नेलं नाही. रानातच ठेवलं आणि आपण पुढं गेले."

कुणीच काही बोललं नाही. इतक्या वेळा ऐकलेल्या गोष्टीतली ही बाब मलाही कधी दिसली नव्हती.

झाडाखाली वाटेच्या कडेला सतरंजी टाकून दशम्या खाल्ल्या. आज्जीने विचारायला सुरुवात केली आणि लेकीने या वेळी सावकाश उत्तरं दिली. हत्तीण एकटी कधी राहत नाही. आई, मावश्या, बहिणी, पोरं असा बायकांचाच कळप असतो आणि सगळ्यात वयस्क हत्तीण वाट दाखवते. पोटात बाळ सुमारे 22 महिने असतं. दिवसाला शंभर-दीडशे किलो चारा लागतो आणि तो शोधत मैलोन्‌मैल चालणं हेच तिचं आयुष्य. तळपाय मऊ असतात. सिमेंटच्या फरशीवर एका जागी उभं राहून ते सडतात, सांधे धरतात. हत्ती कितीही प्रेमाने ठेवला तरी हे टळत नाही, कारण प्रेमाने फरशीची माती होत नाही.

"आणि मान डोलवतात ती?" मी विचारलं.

लहानपणी एका मिरवणुकीत आणलेला हत्ती मला आठवत होता. कुठला, कुणाचा, ते आता सांगता येणार नाही. बँड वाजत होता आणि तो एका लयीत डोलत होता. आम्ही पोरी टाळ्या वाजवत होतो, हत्तीला भजन आवडतं म्हणून. मी त्याला केळं दिलं होतं. सोंडेचा ओला स्पर्श अजून तळहाताला आठवतो.

लेक म्हणाली, "बांधलेला हत्ती बँड नसला तरी तसाच डोलतो, मम्मी. ताणाची खूण आहे ती."

माझ्या बालपणातली एक आवडती आठवण तिथेच बसल्या जागी बदलली. वाईट वाटलं. पण खोटं वाटलं नाही.

मग ती बिजलीबद्दल बोलली. मुंबईत हत्ती फिरवून पैसे मागायचे, ते तुमच्यापैकी काहींनी पाहिलं असेल. बिजली त्यांतलीच. लोक पुण्य म्हणून तिला वडापाव, मिठाई, काय काय द्यायचे. वजन वाढत गेलं आणि 2013 च्या जूनमध्ये ती मुलुंडला कोसळली, परत उभी राहिली नाही. देणाऱ्यांपैकी एकानेही वाईट हेतूने दिलं नव्हतं. तशीच फिरवली जाणारी लक्ष्मी मात्र सुटली आणि मथुरेजवळच्या हत्ती केंद्रात गेली. वाइल्डलाइफ एसओएस ही संस्था 2010 पासून ते केंद्र चालवते. 2018 मध्ये देशातला पहिला हत्तींचा दवाखानाही त्यांनी तिथेच काढला. आपण जंबूस्वामींच्या सिद्धक्षेत्राला, मथुरा चौरासीला जातो, त्याच मथुरेत. पुढच्या यात्रेत जमलं तर आधी परवानगी काढून तिथे जायचं माझ्या मनात आहे.

आईने मांडीवरच्या डब्याकडे बघितलं. काही बोलली नाही.

मी म्हणाले, "आपल्यात अहिंसा अणुव्रताचे पाच अतिचार सांगितलेत ना? पाठशाळेत पाठ केले होते. मारणं, अवयव कापणं, जास्त ओझं लादणं, अन्नपाणी तोडणं. पण सगळ्यात आधी काय येतं?"

"बंध," आई म्हणाली. "बांधून ठेवणं." तिला विचार करावा लागला नाही. तिने साठ वर्षं तो पाठ म्हटला आहे.

मला वाटलं, आता दोघींचं जुळलं. पण माझी आई एवढ्यात हार मानणारी नाही. दशमीचा तुकडा मोडत तिने नातीला विचारलं, "मग बाई, तुमच्या गंगी आणि चंद्रीचं काय? त्या दावणीला चार हात दोरीत उभ्याच असतात की दिवसभर. त्यांचं दूध आत्ता आपण दशमीत खाल्लं. हत्तीच्या साखळीचं कोर्टात गेलं. गाईच्या दाव्याचं कोण विचारतं?"

लेक गप्प. मीही गप्प. मैत्रिणींनो, या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. दुसऱ्याच्या मठाबद्दल आमच्या घरात महिनाभर वाद चालला होता आणि आमच्या परसातलं दावं कुणाला दिसलं नव्हतं. गाईंवर माझं प्रेम नाही असं नाही. रोज सकाळी आधी त्यांच्या अंगावरून हात फिरवते, मग चहा घेते. पण प्रेम होतं म्हणून दावं सैल झालं नव्हतं. मग नांदणीच्या बायकांना मी कुठल्या तोंडाने काही सांगणार होते?

आई पुढे म्हणाली, "माधुरीवर आमचं प्रेम खोटं नव्हतं. एवढं तुम्ही कबूल करा."

लेक उठून तिच्याजवळ बसली. "खोटं नव्हतंच, आज्जी. मी तसं म्हणायला नको होतं. मला उत्तम क्षमा."

क्षमावणी आमच्या घरी खऱ्या अर्थाने त्या दिवशी झाली, हिवराच्या झाडाखाली.

परतताना आईने एवढंच विचारलं, "तिथं तिच्यासोबत दुसऱ्या हत्तिणी आहेत ना?" लेक म्हणाली, आहेत. आईने मान हलवली. थोड्या वेळाने म्हणाली, "जामनगर म्हणजे सौराष्ट्रच. गिरनारचा मुलूख." आम्हाला कळलं तिला काय म्हणायचं होतं. नेमिकुमारांनी लग्नाच्या वाटेवर कोंडलेली जनावरं पाहिली आणि रथ वळवून गिरनार गाठला. पण लगेच तिने हेही जोडलं, "ती नांदणीला परत आली तर मी पहिली बघायला जाईन. लांबून बघीन." तिचं मन दोन्हीकडे आहे. माझंही आहे. ते एका बाजूला ओढून घ्यायची मला घाई नाही.

दिवस मावळायच्या आत घरी पोचलो, अंथऊ केलं. गूळ-डाळीचा तो डबा आईने गंगी-चंद्रीपुढे रिकामा केला आणि लेकीच्या बाबांना म्हणाली, "जावईबापू, एवढं मोठं आवार मोकळं पडलंय. या दोघींना सोडायला काय हरकत आहे?"

आमच्या बारामती-इंदापूर भागात मुक्त गोठा आता नवीन राहिलेला नाही. बऱ्याच दूधवाल्या शेतकऱ्यांनी केला आहे. कुंपण घातलेली मोकळी जागा, एका बाजूला सावलीची शेड आणि गव्हाण, दुसऱ्या बाजूला पाण्याची टाकी. गाय तहान लागेल तेव्हा पाणी पिते, वाटेल तिथे बसते, अंग घासायला खांब असतो. आम्ही जुनी जाळी आणि चार लोखंडी खांब वापरून पंधरा दिवसांत कुंपण केलं. पहिल्या दिवशी दावं काढलं तरी गंगी तासभर जुन्याच जागी उभी होती. दोरी नाही हे तिला कळतच नव्हतं. चंद्री मात्र दहा मिनिटांत आवारभर फिरून आली. तिसऱ्या दिवशी दोघी मातीत पाय पसरून उन्हाला बसल्या होत्या. व्हिडिओ कॉलवर आईला दाखवलं. ती बराच वेळ बघत राहिली.

गाईचा प्रश्न यामुळे पूर्ण सुटला असं मी म्हणत नाही. दूध आम्ही अजून काढतो, वासराचा वाटा त्याला आधी मिळतो का याकडे आता जास्त लक्ष असतं, एवढंच. पण अतिचार कळला की जेवढा कमी करता येईल तेवढा करायचा, हेच तर आपण प्रतिक्रमणात म्हणतो.

आता तुमच्यासाठी दोन कामाच्या गोष्टी.

मुलांना घेऊन कुठेही हत्ती बघायला जाणार असाल, इथे किंवा परदेशात, तर पाटीवर काय लिहिलंय त्यावर जाऊ नका. अभयारण्य हा शब्द कुणीही लिहितं. आधी विचारा: हत्तीच्या पाठीवर बसवतात का? खेळ करून दाखवतात का? पाहुण्यांना हत्तीला आंघोळ घालू देतात का? पिल्लं जन्माला घालून ती दाखवतात का? रात्री साखळी असते का? हत्तींना हत्तींची सोबत आहे का? पहिल्या पाचांची उत्तरं "नाही" आणि शेवटच्याचं "हो" असेल तरच जा. आंघोळीचं मलाही आधी पटलं नव्हतं. पण दिवसभरात वेगवेगळ्या अनोळखी लोकांकडून चार वेळा न्हाऊन घेणं हत्ती आपण होऊन करत नाही, त्याला ते शिकवावं लागतं. यंदाच्या जानेवारीत थायलंडमध्ये हत्तीला आंघोळ घालताना एक स्पॅनिश तरुणी दगावली. त्याच चियांग माईकडे एलिफंट नेचर पार्क नावाची जागा आहे, लेक चैलर्ट या बाईंनी उभी केलेली. तिथे आता लांबूनच हत्ती बघतात. धबधबा जरूर बघा. त्याला कुणी बांधत नाही.

दुसरी गोष्ट आपल्या पंचकल्याणकांची. मातेच्या सोळा स्वप्नांत पहिला हत्तीच येतो, अजितनाथांचं चिन्ह हत्ती आहे, सौधर्म इंद्राची बोली हत्तीशिवाय आपल्याला अपुरी वाटते. मलाही वाटते. पण ऐरावत लाकडाचा, कापडाचा, चाकांवरचाही होतो. केरळात त्रिशूर जिल्ह्यातल्या इरिंजाडप्पिल्ली श्रीकृष्ण मंदिरात 2023 पासून साडेदहा फुटांचा यांत्रिक हत्ती आहे. तो कान हलवतो, सोंड उचलतो, आणि मिरवणूक संपली की त्याचे पाय दुखत नाहीत.

आईच्या गावी पुढच्या वर्षी उत्सव आहे. परवा तिचा फोन आला. तिने भिशीतून साठवलेले पैसे लाकडी ऐरावताच्या रथासाठी द्यायचं ठरवलं आहे. कमिटीतली मंडळी अजून तयार नाहीत. "लोक काय म्हणतील, मिरवणूक सुनी दिसेल," असं त्यांचं म्हणणं. आई म्हणाली, "बोलणी चालू आहेत. मी काही एवढ्यात सोडत नाही."

लेक शेजारीच होती. फोन ओढून घेत म्हणाली, "आज्जी, मी येते गं तुझ्यासोबत मीटिंगला."

त्यावर पलीकडून जे हसू आलं, ते ऐकायला मी दोन महिने थांबले होते.

लिहिताना कुणाचं मन दुखावलं असेल तर उत्तम क्षमा. तुमच्या गावच्या उत्सवात काय ठरलं, ते मला जरूर कळवा.

जय जिनेंद्र.